रस्ता बंद असताना

बेलफास्टजवळच्या बॅलीमॉरन गावात अंत्ययात्रा दुपारी दोनलाच निघते. हेस्टरच्या आईला दोनलाच नेलं, आजोबांनाही. त्यामुळे तिच्या वडलांना, वॉलेस मॅककिबिनलाही दोनलाच न्यायचं, हे कुणाला वेगळं ठरवावं लागलं नव्हतं. अडचण एवढीच, की आज शर्यतीचा शनिवार होता. मॅककिबिनांचं घर रस्त्याच्या अलीकडे, चर्चची दफनभूमी पलीकडे, आणि मधल्या रस्त्यावरून सकाळपासून लांबलांबहून आलेल्या मोटारी सुसाट धावत होत्या. प्रत्येक गाडीसरशी खिडकीची तावदानं थरथरत होती.

"सहाला रस्ता उघडेल," हॅमिल्टनकाका म्हणाले. वॉलेसचे ते धाकटे भाऊ. काळा कोट त्यांना पोटावर घट्ट होत होता. "अगं, चार तासांनी काय बिघडतंय? वॉलेसला आता कुठे जायची घाई आहे?"

"बुधवारीही रस्ता सहालाच उघडला होता, काका."

खोलीतले पुरुष आपापल्या टोप्यांकडे बघू लागले. बुधवारी शर्यतीचा सराव होता. दुपारी अंथरुणाला खिळलेल्या वॉलेसच्या छातीत कळ आली, निरोप गेला, आणि डॉक्टर हातात बॅग घेऊन रस्ता अडवणाऱ्या पलीकडच्या दोरापाशी येऊन उभे राहिले. निशाणवाल्याने त्यांना सोडलं नाही. हुकूम तसा होता. डॉक्टर घरात आले तेव्हा हेस्टरने वडलांचे डोळे मिटले होते. लवकर येऊनही फार काही करता आलं नसतं, असं डॉक्टर म्हणाले. ते खरंही असेल. पण सगळी दुपार वॉलेस दाराकडे मान वळवून विचारत होता, "आला का गं?" आणि हेस्टर सांगत होती, "येतोय, रस्ता ओलांडतोय."

"त्यांनी एकदा वाट पाहिली," ती म्हणाली. "आता पाहणार नाहीत."

तिने खुंटीवरचा कोट घेतला.

"आता हे काय?" काका म्हणाले. "बायकांनी घरी थांबायचं असतं. चहाचं कोण बघणार?"

"किटली बघेल."

शवपेटी फाटकाबाहेर निघाली. बांधावर चढून बसलेली बेलफास्टची मंडळी सॅंडविचं खात होती. त्यांतला एकजण ओरडला, "ए, या पेटीचा नंबर किती? मी पैसे लावतो!" शेजारच्या बाईने त्याच्या पाठीत एक गुद्दा घातला, तेव्हा त्याने टोपी काढली.

दोरापाशी कॅप्टन पार्जिटर उभा होता. शर्यत चालवायला तो दरवर्षी लंडनहून यायचा. त्याने आधी पेटीकडे पाहिलं, मग हातातल्या घड्याळाकडे.

"बाई, तुमचं दुःख मला समजतं."

"मग दोर सोडा."

"मधेच शर्यत थांबवता येत नाही. रस्ता कायद्याने बंद केलेला आहे."

"आम्ही कधी मरायचं तेही कायद्यात लिहिलंय का?"

बांधावर कुणीतरी हसलं. कॅप्टनचे कान लाल झाले. "ताशी शंभर मैलांनी येतात या गाड्या! तुम्ही सगळ्यांचा जीव घ्याल."

"म्हणून तर निशाण असतं ना?"

निशाण अ‍ॅलेक गिलमोरच्या हातात होतं. अ‍ॅलेक गावात घोड्यांची खोगिरं शिवायचा. वॉलेसबरोबर तीस वर्षं चर्चमध्ये एका बाकावर बसला होता. बुधवारी डॉक्टरांना अडवणाराही तोच. गेले तीन दिवस तो मॅककिबिनांच्या घराकडे फिरकला नव्हता.

"हेस्टर," तो म्हणाला, "मला हुकूम होता."

"माहीत आहे. आज काय करायचं ते मी तुला सांगणार नाही, अ‍ॅलेक. आम्ही निघालोय, एवढं सांगते."

तिने दोर उचलला आणि खालून पलीकडे गेली. एक तांबडी गाडी धूळ उडवत तिच्यापुढून निघून गेली आणि कोटाची टोकं फडफडली. मागे खांदेकरी दोरापाशीच अडले होते.

"हॅमिल्टन, पाऊल टाकाल तर याद राखा," कॅप्टन म्हणाला.

काकांना खरं तर जायचं नव्हतं. पण परक्या माणसाने आपल्याला नुसतं नावाने हाक मारून दम द्यावा, हे त्यांना सोसलं नाही. "उचला रे!" ते गरजले. "पोरगी एकटी चाललीय."

अ‍ॅलेक तोवर पळत सुटला होता. साठीतला माणूस, पण वळणापर्यंत कुठे थांबला नाही. तिथे रस्त्याच्या मधोमध उभं राहून तो पिवळं निशाण दोन्ही हातांनी हलवू लागला. वळणामागून एक हिरवी गाडी आली, चाकं किंचाळली, गाडी तिरकी झाली आणि त्याच्यापासून दहा हातांवर थांबली. मग तिच्यामागे दुसरी. मग निळी. मग रांगच लागली.

पेटी रस्त्याच्या मध्यावर आली. इथे खांदे बदलायचे असतात. घरापासूनची पहिली बदली इथेच होते.

"पलीकडे जाऊन बदलू," काका दातांतल्या दातांत म्हणाले.

"इथेच बदलतात," हेस्टर म्हणाली. "आता मी खांदा देते."

काकांनी तिच्याकडे पाहिलं, मग पेटीखालून बाजूला झाले. तिने पुढचा डावा कोपरा खांद्यावर घेतला. वडील इतके जड असतील असं तिला वाटलं नव्हतं. आजारपणात ती त्यांना कुशीवर वळवायची, तेव्हा किती हलके लागत.

हिरव्या गाडीतल्या माणसाने चष्मा कपाळावर चढवला. तेलाने काळ्या झालेल्या तोंडात डोळ्यांभोवती दोन पांढरी वर्तुळं. "अहो, अजून किती वेळ?"

"सहापर्यंत नाही लागणार," हेस्टर म्हणाली.

त्याला ते कळलं नसावं. पण त्याने इंजिन बंद केलं. मागच्यानेही केलं. मग एकेक करून सगळी इंजिनं बंद झाली, आणि खडीवर बुटांचा आवाज ऐकू येऊ लागला.

खांदेकऱ्यांची पावलं आपोआप भरभर पडू लागली. "हळू," ती म्हणाली. "रोजच्यासारखं चाला."

पलीकडे पोचेपर्यंत कॅप्टन अ‍ॅलेकपाशी जाऊन भिडला होता. "तो पट्टा काढ! पुन्हा या रस्त्यावर दिसू नकोस." अ‍ॅलेकने दंडावरचा पट्टा सोडून त्याच्या हातात ठेवला, निशाण त्यावर ठेवलं, आणि टोपी काढून यात्रेच्या शेवटी येऊन चालू लागला. हेस्टरने ते पाहिलं. परत जा, असं ती म्हणाली नाही.

दफनभूमीच्या फाटकात चर्चचे धर्मगुरू रेव्हरंड गौर्ली पुस्तक छातीशी धरून उभे होते. मागे इंजिनं पुन्हा धडधडू लागली, म्हणून त्यांना आवाज चढवावा लागला.

"हेस्टर, बायका इथपर्यंतच येतात."

"पेटी माझ्या खांद्यावर आहे, साहेब," ती म्हणाली. "बाजूला व्हा, नाहीतर दुसरं टोक तुम्ही धरा."

रेव्हरंडनी काकांकडे पाहिलं. काका आभाळाकडे बघत होते. रेव्हरंड बाजूला झाले.