आधी श्वास

कहाणी सांगायची तर ऐकणारं कुणीतरी लागतं. सांगणारीने पाटावर बसायचं, ऐकणारीने हातात अक्षता धरून मधून मधून हुंकार द्यायचा आणि 'सुफळ संपूर्ण' झालं की त्या अक्षता देवाला वाहायच्या. अगदीच कुणी नसलं तर गाईला सांगावी, असं माझ्या सासूबाई म्हणायच्या. देवरुखला ते सोपं होतं. दोह्यात, अल मुंतझातल्या आमच्या तिसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये, गाय होती ती दुधाच्या डब्यावर छापलेली, आणि आमचे हे शनिवारी पहाटे कंपनीच्या बसने रास लफानच्या गॅस प्लांटवर जायचे ते बुधवारी रात्रीच घरी उगवायचे. म्हणून पहिल्या सोमवारी मी कहाणी माझ्या लेकीला, नुपूरलाच सांगितली. ती मांडी घालून, अक्षता मुठीत घट्ट धरून, डोळे मोठे करून ऐकत होती. हुंकार मात्र तिने दिला नाही. सोळा सोमवार धरले होते ते मुळी तिच्या हुंकारासाठीच.

नुपूर बोलायची. देवरुखच्या घरी तर तिला 'जरा गप्प बस गं' म्हणावं लागायचं. इथे आल्यावर इंग्रजी शाळेत घातली तशी ती वर्गात गप्प बसू लागली. नवीन आहे, रुळेल, असं आम्ही म्हणत राहिलो. मग घरातलेही शब्द कमी होत गेले, आधी गाणी गेली, मग प्रश्न गेले, आणि हिवाळा लागेपर्यंत खलास, 'आई'सुद्धा नाही. डॉक्टरांनी कान पाहिले, घसा पाहिला, सगळं ठीक आहे म्हणाले, धीर धरा म्हणाले. धीर मी धरलाही असता, पण शाळेने स्पष्ट सांगितलं होतं की मार्चमध्ये पहिलीची मुलाखत आहे, मुलगी बोलली नाही तर पुढे घेता येणार नाही, मग तिला इंडियाला नेलेलंच बरं. म्हणजे आम्ही दोघी तिकडे आणि हे एकटे इकडे.

दुसऱ्या सोमवारी मी खालच्या मजल्यावरच्या लूर्दला बोलावलं. लूर्द वसईची, हॉस्पिटलात सिस्टर. "बसते गो बाय," ती म्हणाली. "येशूला सांगूनच आलेय, शेजारणीच्या देवाकडे जरा जाऊन येते म्हणून." पण रात्रपाळी करून आलेली, कहाणीतला राजा रानात पोचायच्या आत ती भिंतीला टेकून घोरू लागली, आणि अक्षता तिच्या युनिफॉर्मच्या खिशातच राहिल्या.

त्याच आठवड्यात समोरच्या फ्लॅटमध्ये लिदिया नावाची रशियन दातांची डॉक्टर राहायला आली, आणि तिच्याबरोबर तिची आई. आई सत्तरीच्या, अंगाने ताठ, पांढऱ्या केसांचा नीटस अंबाडा, कानात मोती. पहिल्यांदा भेटल्या त्या लिफ्टमध्ये. त्यांनी माझ्या कुंकवाकडे पाहिलं, एक हात छातीवर ठेवला, आणि खणखणीत आवाजात म्हणाल्या, "ये शादी नहीं हो सकती!"

मी दचकून नुपूरला जवळ ओढलं. तर नुपूरचे खांदे गदगदत होते. आवाज नव्हता, पण पोर हसत होती, कितीतरी महिन्यांनी.

त्यांचं नाव कापितोलिना झाखारोव्ना; घरचं नाव कापा. मी फोनवर यांना सांगितलं तर हे म्हणाले, "कापा होय? बरका असत्या तर रसाळ तरी निघाल्या असत्या." कोकणी माणसाच्या डोक्यातून फणस काही जात नाही. पण मी आणि मनातल्या मनात नुपूरही त्यांना कापाआजीच म्हणू लागलो, आणि दुपारच्या चहाला त्या रोज यायला लागल्या, साखर चहात न घालता खडा दातात धरून चहा प्यायच्या.

त्यांची हकीकत मला अशी तुकड्या-तुकड्यांनी कळली, थोडी हिंदीत, थोडी इंग्रजीत, उरलेली हातवाऱ्यांत. व्होल्गा नदीकाठच्या गावातल्या नाटक कंपनीत त्या दुसरं महायुद्ध संपलं त्या वर्षी सामानसुमान उचलायला लागल्या, आणि काही वर्षांत त्याच रंगमंचावर राणी म्हणून उभ्या राहिल्या. तिथे लोक त्यांच्या नावावर तिकीट काढायचे. मग सिनेमावाले आले. पहिला सिनेमा लागला तेव्हा त्या नवा कोट घालून आईला घेऊन गेल्या, आणि पडद्यावरच्या कापाने तोंड उघडलं तर आतून भलतीच बाई बोलू लागली. दिग्दर्शकाला चेहरा आवडला होता, आवाज नको होता. हे त्यांना सांगायचं कुणाच्या लक्षातच राहिलं नव्हतं. "फेस व्हेरी गुड," कापाआजी दिग्दर्शकाची नक्कल करत म्हणाल्या. "व्हॉइस, बाबुश्का." म्हणजे म्हातारी. परतताना आईने विचारलं, कापा, ती कोण होती गं? एवढं सांगून त्यांनी कप खाली ठेवला आणि साखरेचा नवा खडा दातात धरला. चारही सिनेमांत तेच झालं. पुढे वय वाढलं तेव्हा त्याच आवाजाला भाव आला. हिंदी सिनेमे तिकडे रशियन भाषेत करून दाखवायचे, आणि त्यातल्या सगळ्या आया कापाआजींच्या आवाजात रडायच्या. त्यांचं हिंदी तिथलंच. म्हणून तर भाजीवाल्या नसरुद्दीनने पालक महाग लावला की त्या त्याला म्हणायच्या, "कमीने, तूने माँ का दिल तोड़ दिया," आणि तो हसून एक जुडी फुकट द्यायचा.

एकदा त्यांनी आमच्या टीव्हीचा आवाज बंद केला आणि पडद्यावरच्या आईला आपला आवाज दिला. मला एक अक्षर कळलं नाही, तरी पदर डोळ्यांना लागला. "शब्द बाद में," त्या म्हणाल्या. "पहले साँस. वो साँस ले, मैं साँस ले. फिर मुँह अपना आप."

"आणि आजारी पडलात तर?" मी विचारलं.

"माँ को छुट्टी नहीं, बेटी," त्या म्हणाल्या, आणि आवाज नसलेला पडदा कसा दिसतो ते करून दाखवलं: तोंडाची नुसती उघडमीट, पाण्याबाहेरच्या मासळीसारखी. मला हसू आलं. नुपूर हसली नाही. ती त्या तोंडाकडे खूप वेळ बघत होती.

तिसऱ्या सोमवारी कहाणी ऐकायला कापाआजी बसल्या. डाव्या हातात घेतलेल्या अक्षता मी उजव्यात दिल्या. ऐकणाऱ्या बायका देवाकडे बघतात, फार तर जमिनीकडे. त्या माझ्या तोंडाकडे बघत होत्या. हुंकार अगदी जिथे हवा तिथे. मराठीचं अक्षर येत नसताना असं ऐकणारी मला देवरुखलाही मिळाली नव्हती, आणि देवाने कुठून कुठून माणूस आणून दिलं म्हणून मी चुरम्याचा मधला भाग त्यांच्यापुढे ठेवला.

पुढच्या एक-दोन सोमवारांत त्यांचे ओठ माझ्याबरोबर हलू लागले. सवय असेल, जन्म त्यात गेला, असं म्हणून मी सोडून दिलं. मग एकदा वाचताना मला ठसका लागला, पाणी पिऊन पुन्हा पुस्तक उचललं, आणि तेव्हा मनात आलं की ठसका लागायच्या आधीच त्यांचे ओठ थांबले होते. मी नीट बघू लागले. त्या माझ्यामागून येत नव्हत्या. अर्धा श्वास पुढे होत्या. एका संध्याकाळी दिवे गेले, समईच्या उजेडात अक्षरं दिसेनात, तेव्हा मी पुस्तक मिटून त्यांच्या ओठांकडे बघितलं आणि कहाणी बिनचूक शेवटापर्यंत गेली. भीती नाही वाटली. खरं सांगायचं तर हलकं वाटलं, कुणी हात धरून पायऱ्या चढवाव्यात तसं.

त्यानंतर त्यांनी माझ्याकडे बघणं सोडलं. कहाणी मी सांगायची आणि त्या बघायच्या नुपूरकडे.

"मैडमजी," मी एकदा न राहवून म्हटलं, "मेरी नुपूर..." पुढचं हिंदीत मला सुचेना. मी नुसते हात जोडले.

कापाआजींनी माझे जोडलेले हात आपल्या हातांत घेतले. त्यांचा चेहरा एकदम थकलेला, खराखुरा म्हातारा दिसला. "मेरे बाद कौन?" त्या म्हणाल्या. मला वाटलं, हीही कुठल्यातरी सिनेमातली ओळ असेल. मी म्हटलं, "मी आहे ना."

सोळा सोमवार झाले आणि सतराव्या सोमवारी मी उद्यापनाची तयारी केली. यांनी कुणाकडून तरी मागवलेली वाळकी बेलाची पानं होती, ती पाण्यात भिजवून सरळ केली. कहाणी संपत आली. माझ्या तोंडून शेवटचे शब्द बाहेर पडेनात, आणि त्या शांततेत नुपूरने श्वास घेतल्याचं मला ऐकू आलं.

"सुफळ संपूर्ण," ती म्हणाली.

पुढचं मला धड आठवत नाही. मी तिला उराशी धरून रडत होते, रास लफानच्या कँपवर फोन लावत होते, हे पलीकडून "दे ना, पुन्हा तिच्याकडे दे ना" म्हणत होते, आणि नुपूर "बाबा, बाबा, बाबा" करत नाचत होती. कापाआजी भिंतीशी बसून होत्या. त्यांचे ओठ हलत होते, आशीर्वाद देत असाव्यात असे.

मुलाखतीला नुपूरने त्यांचं बोट सोडलं नाही म्हणून त्यांनाही नेलं. बाईंनी विचारलेल्या प्रत्येक प्रश्नाला नुपूरने इंग्रजीत टकाटक उत्तरं दिली. कापाआजी मागे खिडकीपाशी खुर्चीत बसल्या होत्या. ज्यांना इंग्रजीचं एक वाक्य सरळ जुळवता येत नव्हतं त्यांच्याकडे मी त्या दिवशी मुद्दामच बघितलं नाही.

"ती रशियन म्हातारी सारखी काय चघळते गो?" लूर्दने एकदा जिन्यात विचारलं. "लेक दातांची डॉक्टर आणि आईची कवळी सैल? सांग तिला."

दोन हजार दोनमध्ये लिदियाचं काम संपलं. जायच्या आधीच्या आठवड्यात कापाआजी रोज संध्याकाळी आल्या. मला नुपूरसमोर बसवायच्या, माझी हनुवटी धरून तोंड तिच्याकडे वळवायच्या, माझ्या पोटावर तळवा ठेवायच्या. नुपूर वर्गातल्या भांडणांबद्दल बडबडत असायची, आणि कापाआजी हळूच म्हणायच्या, "साँस." निरोपाची माया माणूस कशीही करतं, असं मी मनाशी म्हटलं.

विमानतळावर नुपूर त्यांच्या कमरेला मिठी मारून अखंड बोलत होती. आजी, पत्र लिही, आजी, बर्फाचा फोटो पाठव. मी कापाआजींच्या तोंडाकडे बघितलं. ओठ मिटलेले होते, स्वस्थ, पाळी संपवून घरी निघालेल्या माणसाचे असतात तसे. देवा, म्हटलं, म्हणजे सगळे माझेच भास.

परतताना गाडीत नुपूर मागे बोलत होती. हे माझ्याकडे बघून म्हणाले, "तू काय पुटपुटतेयस?"

"नाम घेतेय," मी म्हटलं. मला स्वतःलाही ते तेव्हा खरंच वाटलं.

पुढे आम्ही मदिनत खलीफात मोठ्या घरात आलो. हळदीकुंकवाला बायका कौतुकाने म्हणतात, शशिकलाताईंचं बघा, भाजी चिरतानासुद्धा जप चालू. नणंदेने एकदा मौनव्रत सुचवलं, एकच दिवस, फार पुण्य आहे म्हणाली. मी सगळी व्रतं करते. ते केलं नाही.

नुपूर आता सोळा वर्षांची, पुण्याला नणंदेकडे राहून अकरावीला आहे, आणि परवा शनिवारी तिची वक्तृत्व स्पर्धा होती. महिनाभर तिने तयारी केली होती. मी त्या दिवसासाठी सकाळी लवकर पूजा आटपणार होते, पण रात्रीपासून दाढ ठणकू लागली, गाल सुजला, आणि लूर्दने ऐकून न घेता मला तिच्या ओळखीच्या डॉक्टरकडे नेलं. तोंड बधिर करून दाढ काढली. येताना गाडीत लूर्द म्हणाली, "दुपारपर्यंत ओठ तुझे नाहीतच असं समज, बाय. चहा पिऊ नको, भाजशील नि कळणार नाही."

घरात शिरले तर हे फोन स्पीकरवर लावून बसले होते. त्यांच्या कपाळाला आठी होती.

"वावा," फोनमधून नुपूरचा आवाज आला, जड, ओघळल्यासारखा. "वावा, आईला दे ना."

"तोंडात काय आहे गं तुझ्या? खातेयस का?"

"काही नाही. आय डोंट नो. सकाळवासून ओठच हलत नाहीयेत. वावा, आता नाव वुकारतील. आई आहे का?"

हे माझ्याकडे वळले. मला बोलता येणार नव्हतं. मी मान हलवली, आणि तशीच देवघरात गेले. समई शांत जळत होती. तिच्या घासलेल्या पितळेत माझं तोंड दिसत होतं, खालचा ओठ एका बाजूला लोंबलेला, जणू दुसऱ्याच कुणाचा. मी पाटावर बसले, कापाआजी बसायच्या तशी भिंतीला पाठ लावून.

बाहेरच्या खोलीत फोनमधून माइकची खरखर आली, टाळ्या आल्या, आणि कुणीतरी तिचं नाव पुकारलं. मी दोन्ही हातांच्या बोटांत माझे ओठ धरले, आणि आधी श्वास घेतला.