खिळ्याचं दुसरं टोक

ऊर्जा-संघाच्या गळती विभागात तपासनीस बाईंची सव्वीस वर्षं नोकरी झाली होती, आणि एवढ्या वर्षांत त्यांनी कुणाची गय केली नव्हती. जग सात थरांचं. जादू वरच्या थरातून खालच्या थरात झिरपते. कुणाच्या वाट्याला किती, ते संघ ठरवतो आणि त्याप्रमाणे झडपा फिरवतो. मध्येच कुणी भोक पाडलं, की बाई हजर. सख्ख्या मामेभावाची जादूची चोरटी विहीर त्यांनी सील केली होती, तीही त्याच्याकडे जेवून हात धुतल्यावर.

एका सोमवारी वरच्या थराचे तपासनीस त्यांच्या टेबलासमोर येऊन बसले. दोन्ही गुडघ्यांना पट्ट्या.

"आमच्याकडे तरंगते जिने असतात," साहेब म्हणाले. "माणसानं पाय उचलला की पायरी आपणहून खाली येऊन थांबते. महिना झाला, दुपारनंतर जादू पुरत नाही आणि पायरी येतच नाही. माणूस मात्र सवयीनं पाय टाकतो."

"अरेरे."

"मी दोनदा टाकला. बाई, गळती तुमच्या हद्दीत आहे. आठवड्यात सापडली नाही तर अख्ख्या भागाची झडप बंद करावी लागेल."

बाईंनी कपाटातून गळतीमापक काढला आणि साहेबांना घेऊन त्या निघाल्या. बाजार मागे पडला, पोस्टाचं वळण गेलं, आणि एका इस्त्रीच्या दुकानासमोर मापकाचा काटा थरथरायला लागला. बाईंचा चेहरा उतरला. दुकान त्यांच्या धाकट्या दिराचं होतं.

बाई लग्न होऊन आल्या तेव्हा हा नऊ वर्षांचा होता. त्याचं शाळेचं दप्तर त्यांनीच भरलं, आणि मोठेपणी त्याचे धंदे बुडताना त्यांनीच पाहिले. छत्र्या झाल्या, रबरी शिक्के झाले, मधमाश्या तर पहिल्याच दिवशी त्याला सोडून गेल्या. हे दुकान मात्र महिनाभर धो धो चालत होतं.

आत पाहिलं तर तीन इस्त्र्या हात न लावता फिरत होत्या. सदरे स्वतःच्या घड्या स्वतः घालत होते. एक कोट गिऱ्हाईक येईना म्हणून आपणच घरी निघाला होता. धाकट्यानं त्याची कॉलर धरून त्याला मागे ओढलं.

"वहिनी! ये ना. बघ, आपली कशी गाडी रुळावर आली!"

"ही जादू कुठून येते रे?"

"भिंतीतून गरम वारा येतो. तू त्याला गळती म्हण, मी नशीब म्हणतो."

कोपऱ्यातल्या खुर्चीत सासूबाई बसल्या होत्या. दुकानात कोण येतं, कोण जातं, हे मान न वळवता दिसावं म्हणून त्यांनी समोर आरसा लावून घेतला होता. बाई आरशाजवळ गेल्या आणि काटा गरकन फिरला. आरसा उतरवला. मागे वीतभर लांबीचा खिळा भिंतीत घुसलेला, आणि त्यावरून निळसर जादू तुपासारखी ओघळत होती.

"आई, हा खिळा कुणी ठोकला?"

"मी ठोकला," सासूबाई म्हणाल्या. "याच्या हातून काही होतं का? शेजारच्या सुताराकडून हातोडा आणला आणि ठोकला. शेवटी जरा अडला, मग दोन घाव जास्त घातले."

"ते दोन घाव थर फोडून गेले!"

"मग चांगला बसलाय म्हण की."

साहेब गुडघे सावरत पुढे झाले आणि त्यांनी खिळा पक्कडीत धरून ओढला. खिळा बोटभर बाहेर आला, आणि सटकन परत आत गेला. साहेब चक्रावले. त्यांनी पुन्हा ओढला. पलीकडून पुन्हा कुणीतरी ओढला. मग बाईंनी साहेबांना धरलं, धाकट्यानं बाईंना धरलं, आणि भिंतीतून खणखणीत आवाज आला.

"कोण आहे रे तिकडे? सोड माझी खुंटी!"

साहेब पांढरेफटक पडले. "आई?"

"तू कुठून बोलतोयस? आणि गुडघ्याला तेल लावलंस का?"

महिनाभर साहेबांनी सगळा थर पालथा घातला होता. खिळ्याचं टोक त्यांच्याच बैठकीच्या खोलीत निघालं होतं, आणि त्यावर रोज त्यांचाच कोट अडकवला जात होता.

"अहो, खुंटी कसली? खिळा माझा आहे," सासूबाई भिंतीला म्हणाल्या.

"टोक आमच्याकडे आहे!"

"टोकाला कोण विचारतं? डोकं आमच्याकडे आहे!"

दोघी पाऊण तास भांडल्या. भांडता भांडता मुलांच्या तक्रारींवर आल्या, आणि तिथे त्यांचं एकमत झालं. त्या भरात पलीकडची पकड सैल झाली, तेवढ्यात साहेबांनी खिळा उपसला. बाईंनी भोकात संघाचं मेण भरलं. तिन्ही इस्त्र्या जागच्या जागी थांबल्या.

धाकटा नुसता उभा राहिला. "वहिनी, एक दिवस तरी उशिरा आली असतीस."

 बाईंनी खाली बसून सासूबाईंच्या नावानं नोटीस लिहायला घेतली. साहेबांनीही आपल्या आईच्या नावानं लिहिली, दोघांनी एकमेकांकडे पाहिलं नाही. सासूबाईंनी चष्मा लावून नोटीस वाचली आणि परत दिली.

"वय एक्क्याऐंशी लिहिलंस. मला अजून एक महिना आहे."

शिक्षा म्हणून दोघी म्हाताऱ्यांना संघाच्या तीन दिवसांच्या समज-वर्गाला बसवलं. त्या एकाच बाकावर बसल्या. दुसऱ्या दिवशी शिकवणारे गुरुजी रजेवर गेले.

दुकानाची गिऱ्हाइकं निम्मी झाली. उरलेल्यांचे कपडे धाकटा हातानं दाबून दाबून इस्त्री करू लागला. वहिनीशी तो आठ दिवस बोलला नाही. सासूबाई म्हणाल्या, "फुगू दे. उतरेल."

नवव्या दिवशी सकाळी तो बाईंच्या दारात आला. हातात त्यांचा कामाचा डगला होता.

"दोरीवरून नेला होता," तो म्हणाला. "डावी बाही जरा बिघडली."

जरा नव्हे, बाहीवर दोन चुण्या आडव्या आणि एक तिरपी होती. बाईंनी डगला अंगात घातला, बटणं लावली आणि म्हणाल्या, "चहा ठेवलाय, बस."

त्या दिवशी कचेरीत तिघांनी त्यांना बाहीबद्दल विचारलं. तिघांनाही बाईंनी सांगितलं, की ती अशीच असते.