अर्ध्या घराची मेजवानी

पहिल्या वर्षी उंबरठा आमचा झाला, आणि त्याच्या आतली बूट काढायची जागा. दुसऱ्या वर्षी स्वयंपाकघर, बाल्कनीकडची भिंत सोडून. तिसऱ्या वर्षी न्हाणीघर. हा हिशोब मी मनाशीच मांडला होता, बँकेला विचारला नव्हता. पंधरा वर्षांचं कर्ज म्हणजे दर वर्षी घराचा पंधरावा तुकडा आपला, यात विचारण्यासारखं काय आहे? मी शिवणकाम करते. जेवढ्या कापडाचे पैसे दिले तेवढं कापड आपलं, हे मला लहानपणापासून ठाऊक आहे.

घर बिश्केकच्या दक्षिण टोकाला, पाचव्या मजल्यावर. दोन खोल्या. लहान खोलीत मी आणि माझी मुलगी आयबिके झोपायचो, आणि सातवं वर्ष सरेपर्यंत तीही खोली माझ्या हिशोबात आमची झाली होती. मोठी खोली तेवढी बँकेची राहिली. तिच्या खिडकीतून डोंगर दिसतात, ऐन जूनमध्येही माथ्यावर बर्फ असलेले. त्या खोलीच्या भिंतीत मी कधी खिळा मारला नाही. दुसऱ्याच्या भिंतीत कशाला मारा?

हसायचं तर हसा, पण त्या खोलीत कुणीतरी राहतंय असं मला खरोखर वाटायचं. दारासमोरच्या भिंतीशी, आम्ही पाहुण्याला बसवतो त्या मानाच्या जागेवर, एक जाडजूड बाई बसलेली आहे, डोक्याला पांढरा रुमाल, मांडीवर हात, उठायचं नाव नाही. आम्ही मायलेकी तिला बँकबाई म्हणायचो. दुपारी पडद्यातून ऊन आत आलं की आयबिके हळूच सांगायची, "आई, बँकबाईला डुलकी लागलीय." मग आम्ही दोघी चवड्यांवर चालत जायचो. कधी स्वप्नात मी तिला वाटीतून चहा नेऊन द्यायची. ती वाटी रिकामी करून पुन्हा पुढे करायची, आणि खोलीला भिंतीच नसायच्या, नुसतं गवत वाऱ्यानं हलत असायचं.

हप्ता भरायला माझा नवरा शेरगाझी मॉस्कोला गेला होता. तिथे तो मालाचा ट्रक चालवायचा. आयबिके तेव्हा दोन वर्षांची होती. निघताना विमानतळावर तो मला म्हणाला होता, "अर्धं घर आपलं झालं की मी आलोच समज. मग उरलेल्या अर्ध्याचा हप्ता निम्मा करून घेऊ. तुझी शिवण आणि माझी टॅक्सी, आरामात निघेल."

त्या एका वाक्यावर आम्ही जगलो. मध्ये तो तीनदा येऊन गेला, दर वेळी आठवडाभर. एरवी रोज संध्याकाळी फोन, आणि फोनवर एकच मागणं, "खिडकी दाखव." मी फोन डोंगराकडे धरायची. पलीकडे तो ते बघत राहायचा.

या मे महिन्यात मुदत अर्धी झाली. शेरगाझीनं नोकरी सोडली, तिकीट काढलं. मी मेजवानी ठरवली. आमच्यात बाळाला दात आला तरी मेजवानी होते, मग अर्ध्या घराची का होऊ नये? थोरल्या जाऊबाईंना, बुरुलचाताईंना, फोन केला. त्या शहराबाहेरच्या कच्च्या विटांच्या वस्तीत राहतात आणि जीभ चाकूच्या दगडावर घासून ठेवतात.

"अर्ध्या घराची मेजवानी?" त्या म्हणाल्या. "मग मेंढीही अर्धीच कापणार का गं?"

"मेंढी पूर्ण कापणार, ताई. तुम्हीही पूर्ण या. जीभ अर्धी आणली तरी चालेल."

"कुठल्या अर्ध्यात बसवणार आम्हाला? तुझ्या की बँकेच्या?"

मला हसू आवरेना. गेल्या सात वर्षांत इतकं हलकं मी कधी हसले नव्हते.

मेजवानी शनिवारी. बुधवारी मी कणकेचे गरम बोर्सोक तळले, रुमालात बांधले आणि बँकेत गेले. तिथल्या गुलसायराला आमंत्रण द्यायचं होतं. पोरगी गोड आहे. दर महिन्याला माझा हप्ता तीच घ्यायची आणि आयबिकेची चौकशी करायची.

"गुलसायरा, आता अर्धं घर माझं. एवढं सांग, कुठली खोली? म्हणजे त्याच खोलीत पाहुणे बसवते."

ती हसली. तोंडात बोर्सोक ठेवून तिनं समोरच्या पडद्यावर माझं नाव काढलं, आणि मग तिचं चावणं थांबलं.

"मावशी, कुणी सांगितलं तुम्हाला अर्धं?"

"सांगायला कशाला हवं? अर्धी वर्षं झाली ना!"

"वर्षं झाली अर्धी," ती खुर्ची पुढे ओढून हळू आवाजात म्हणाली. "कर्ज नाही झालं. हे बघा, तुम्ही हप्ता भरला की त्यातून आधी व्याज घेतात. मग जे उरतं ते घराच्या खाती. सुरुवातीला कर्ज मोठं, म्हणून व्याज मोठं, म्हणून उरतं चिमूटभर. शेवटच्या वर्षांत उलटं होतं, तेव्हा भराभर फिटतं."

"म्हणजे माझं किती झालं?"

"चौथा हिस्सा. थोडा जास्तच."

मी कर्ज घेतलं होतं चोवीस लाख सोमचं. आजपर्यंत भरलं किती ते तिला विचारलं. अठ्ठावीस लाखांच्या वर. आणि फेडायचं राहिलंय किती? पावणेअठरा. आणि शेवटपर्यंत भरलं तर सगळं मिळून? ते तिनं तोंडानं सांगितलं नाही, कागदाच्या कपट्यावर लिहून माझ्याकडे सरकवलं. साडेसत्तावन्न लाख. दोन घरं आणि तिसऱ्याचा उंबरठा.

"पण सही करताना हे सगळं दाखवतात, मावशी," ती म्हणाली. तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं, त्यामुळे तिच्यावर रागावताही येईना.

दाखवलं असणार. त्या दिवशी मी कागदाकडे कुठे बघत होते? माझं सगळं लक्ष घराच्या खिडकीत होतं.

बाहेर आले तर सगळीकडे पॉपलरच्या झाडांचा कापूस उडत होता. जूनच्या तोंडावर आमच्या शहरात दर वर्षी असंच होतं. उन्हात बर्फ पडावा तसा तो पडत राहतो, पाटाच्या पाण्यावर तरंगतो, पापण्यांवर बसतो. मी कुठून कुठे चालले ते मला आठवत नाही. डोक्यात एकच शब्द फिरत होता, सान. आमच्या डोंगरात पूर्वी श्रीमंत माणूस गरिबाला उन्हाळ्यासाठी दुभती गाय द्यायचा. दूध गरिबाचं, गाय मालकाची, आणि होईल ते वासरूही मालकाचं. ही सान. आम्ही घर विकत घेतलं असं मला वाटत होतं. घेतलं होतं सानवर. वासरं मोजून देत होतो, आणि दिलेल्या वासरांची किंमत गायीपेक्षा जास्त झाली तरी गाय अजून त्यांच्याच दावणीला. गाय कधीतरी आमची होणार होती, हे खरं. तोपर्यंत आम्ही म्हातारे होणार होतो.

चालता चालता मी मध्येच थांबले, कारण पुढचा विचार आला. दूध तरी कोण प्यालं? मी आणि आयबिके. या घरातली ऊब, खिडकी, डोंगर, सगळं आम्हा दोघींना मिळालं. शेरगाझीला एक थेंबही मिळाला नव्हता. तो तर नुसता वासरं हाकत होता. मला त्याची इतकी दया आली की रस्त्यातच रडू फुटलं. येणाजाणाऱ्यांना वाटलं असेल, बाईच्या डोळ्यांत कापूस गेला.

घराचं दार उघडलं आणि बघते तर बँकबाई मोठ्या खोलीतून उठलेली. आयबिकेच्या बिछान्यावर तिनं पाय पसरले होते. माझ्या हिशोबानं आम्ही न्हाणीघराच्या जरा पुढे कुठेतरी पोचलो होतो, त्यापलीकडे सगळं तिचं. मी बराच वेळ स्वयंपाकघरात उभी राहिले. बसायला भीती वाटत होती.

आता शेरगाझीला सांगायचं की नाही? दोन दिवस दुसरं काही सुचलं नाही. सांगितलं तर तो बॅग न उघडताच परत जाणार. तो तसाच आहे, मी ओळखते ना. न सांगावं तर महिन्याभरात तोच बँकेत जाणार, हप्ता निम्मा करून घ्यायला. पावणेअठरा लाखांवरचा हप्ता माझ्या शिवणीत आणि त्याच्या टॅक्सीत बसणारा नव्हता. बसवायचा म्हटलं तरी मुदत पुन्हा पंधरा वर्षांची. मी ठरवलं, मेजवानी होऊ दे. एक दिवस तरी त्याला अर्ध्या घराचा मालक होऊ दे.

शनिवारी तो आला. दारात उभा राहिला तेव्हा कानशिलांवरचे पांढरे केस बघून मी चरकले. फोनवर ते दिसले नव्हते. पाहुणे जमले होते. थोरले दीर त्याला हाताला धरून मोठ्या खोलीत घेऊन गेले आणि मानाच्या जागेवर, खिडकीच्या समोर, बसवलं. बुरुलचाताई म्हणाल्या, "ढुंगण जपून टेक रे भावोजी, ती बँकेची जागा आहे." सगळे हसले. तोही हसला, पण त्याची नजर डोंगरावर होती. खिडकी उघडी होती आणि कापूस आत येऊन जेवणाच्या चादरीवर उतरत होता. थोरले दीर शिजलेली मेंढी कापून ज्याच्या त्याच्या हातात मांस द्यायला लागले.

आयबिके चहा द्यायला बसली. नऊ वर्षांची झाली आता, छान देते. पाहुण्याला चहा नेहमी थोडा द्यायचा, वाटीच्या तळाशी, म्हणजे पुन्हा पुन्हा देता येतो. वाटी भरून दिली तर त्याचा अर्थ, प्या आणि निघा. तिनं बापाला तळाशी थोडा चहा ओतला, दुसरा हात छातीवर ठेवला आणि वाकून वाटी पुढे केली.

"घ्या बाबा," ती म्हणाली. फोनवर ती त्याला अरेतुरे करायची. "तुम्ही परत कधी जाणार?"

विचारण्यात काही खोच नव्हती. पाहुण्याला विचारावं तसं तिनं अदबीनं विचारलं होतं. बायका हसल्या, कुणीतरी म्हणालं, पोरगी हुशार आहे. शेरगाझीच्या हातातली वाटी तशीच राहिली. त्यानं तिच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे, आणि माझा दोन दिवसांचा निश्चय संपला.

"घर अर्धं झालेलं नाही," मी म्हणाले. "चौथा हिस्सा झालाय. आधी व्याज घेतात, मग उरेल ते घराचं."

बुरुलचाताईंच्या तोंडून निघालं, "आंधळं दळतंय आणि कुत्रं पीठ खातंय." मग त्यांनी स्वतःच तोंडावर हात ठेवला.

शेरगाझीनं चहा पिऊन वाटी खाली ठेवली. "बरं," तो म्हणाला. "मग जातो परत. सात वर्षं गेली, अजून सात जातील. त्यात काय!" आणि तो खरोखर उठायला लागला, सगळ्या पाहुण्यांच्या देखत.

"बस खाली!" मी ओरडले. नवऱ्यावर चारचौघांत मी कधी ओरडले नव्हते. "तुझंही तेच झालंय, कळत नाही तुला? तुझ्या दिवसातून आधी बँक घेते. उरेल ते आम्हाला. उरतं काय तर संध्याकाळचा फोन. मला नकोय हे घर. विकायचं. भाव वाढलेत, बँकेचं देऊन जे राहील त्यात ताईंच्या वस्तीत दोन खोल्या येतील."

"आमच्या वस्तीत?" बुरुलचाताई म्हणाल्या. "नळ अंगणात आहे गं. हिवाळ्यात गोठतो."

"गोठू दे."

"या मग," त्या म्हणाल्या. "भांडायला शेजारी कुणी नव्हतंच मला."

शेरगाझी मान खाली घालून बसला होता. "तिथून डोंगर दिसत नाहीत," तो म्हणाला. "सात वर्षं मी ती खिडकी बघून झोपलो, मिस्काल." माझं नाव त्यानं कितीतरी दिवसांनी समोरासमोर घेतलं होतं.

"तुला डोंगर दिसत होते," मी म्हणाले. "आम्हाला तू दिसत नव्हतास."

तो रडला. भावांसमोर, वहिनीसमोर, हातात मांस तसंच धरून. कुणी त्याला गप्प केलं नाही. मग थोरल्या दिरांनी मांस कापायचं काम पुढे चालू केलं, आणि हळूहळू सगळे जेवायला लागले.

पाहुणे गेले तेव्हा बाहेर अजून उजेड होता. आयबिकेला मात्र दिवसभराच्या धावपळीनं झोप आली होती. भिंतीशी रचलेल्या गाद्यांच्या थप्पीपुढे ती उभी राहिली. वरच्या रेशमी गाद्या पाहुण्यांच्या, खालच्या विटलेल्या आमच्या.

"आई, बाबांसाठी वरच्या काढू?"

"खालच्या काढ," मी म्हणाले.

तिनं वळून बापाकडे बघितलं. मग वरची रेशमी थप्पी तिनं पोटाशी धरून बाजूला ठेवली, तळातली फाटक्या खोळीची गादी ओढून काढली आणि मोठ्या खोलीत, खिडकीखाली, नेऊन पसरली. तिच्या शेजारी तिनं आम्हा दोघींच्या गाद्याही टाकल्या.