हवाबंद रिळं

साठवणीच्या बाबतीत संघमित्राला कुणी शिकवायला जाऊ नये. नागपूरहून आणलेलं भिवापुरी तिखट ती टेक्ससमधल्या शुगर लँडच्या दमट हवेतही पिशव्यांत हवाबंद करून दोन-दोन वर्षं लालबुंद ठेवायची. त्यात बाई केमिकल इंजिनिअर, म्हणजे बोलायची सोयच नाही.

सात वर्षांपूर्वी शेजारचे क्वेसी अंकल मुलीच्या छोट्या अपार्टमेंटमध्ये राहायला निघाले, तेव्हा त्यांनी रिळांचे चार डबे तिच्या हवाली केले. तरुणपणी घानाच्या किनाऱ्यावर त्यांनी काढलेला एकुलता एक सिनेमा. मीठ गोळा करणाऱ्या बायका, आणि त्यांत त्यांची आई. दुसरी प्रत जगात नव्हती. "हवा लागू दे, अधूनमधून उघडून बघ," एवढंच ते म्हणाले होते.

म्हाताऱ्याला टेक्ससची हवा काय कळणार! संघमित्राने प्रत्येक डबा तीन-तीन प्लास्टिकच्या पिशव्यांत घातला, हवा दाबून काढली, तोंडं टेपने चिकटवली आणि कपाटात ठेवून दिला. पुन्हा हात म्हणून लावला नाही.

आणि आज आफ्रिकेतले जुने सिनेमे वाचवणाऱ्या संस्थेतली प्रीता आली होती. सोबत अंकल, वय चौऱ्याऐंशी, अंगात कडक इस्त्रीचा शर्ट. सिनेमा स्कॅन होऊन त्यांच्या गावात दाखवला जाणार होता. संघमित्राने मोठ्या दिमाखात टेप कापली.

भपकन आंबट वास आला, डोळे चुरचुरले. आत फिल्म चिकटून नुसता ठोकळा झाला होता. चारही डब्यांत तेच.

"मावशी, एअरटाइट का केलं?" प्रीता हळूच म्हणाली. "ही फिल्म खराब होताना ॲसिड सोडते. ते बाहेर गेलं नाही, तर तिलाच खातं."

हे तर संघमित्रा कॉलेजातच शिकली होती. एवढं शिकून तिने फिल्मचं तिखट केलं! तिला स्वतःची शरम वाटली.

"काहीच निघणार नाही?"

"सॉरी, मावशी."

"अंकल, तुम्ही सांगितलं होतं. मीच ऐकलं नाही."

ते रागावले असते तर तिला बरं वाटलं असतं. पण त्यांनी तिच्या हातावर थोपटलं. "जाऊ दे. इथून जायच्या आधी मी गॅरेजच्या भिंतीवर सिनेमा दाखवला होता ना? त्या दिवशीच्या लोकांपैकी आता तूच इथे आहेस. त्यात अगदी शेवटी आई वळून माझ्याकडे बघते. ती हसते की रागावते, मला आता आठवत नाही. तू सांग, ही लिहून घेईल."

प्रीताने वही उघडली.

त्या दिवशी संघमित्रा भिंतीकडे पाठ करून ऑफिसच्या कॉलवर होती. 'हसते' म्हणणं किती सोपं होतं. शब्द ओठांवर आलाही, पण म्हाताऱ्याचा चेहरा बघून तिला तो उच्चारवेना.

"अंकल, मी पाहिलाच नाही."

डबे उघडल्यापासून कोरडे राहिलेले त्यांचे डोळे तेव्हा भरून आले.