दमलेली जमीन

वस्तीत सगळेच तिला वहिनी म्हणत, अगदी तिच्याहून थोरली माणसंसुद्धा. तेव्हा आपणही वहिनीच म्हणू. वहिनींची उतारावर जमीन होती, आजेसासऱ्यांच्याही आधीपासून घरानं कसलेली. काही वर्षं पीक घ्यायचं, मग तितकीच वर्षं जमिनीला झोपू द्यायचं, हा या लोकांचा शिरस्ता. त्या काळात तिथे झुडपं माजतात, पाला कुजतो, आणि कुणी पाऊलसुद्धा टाकत नाही. दमूनभागून झोपलेल्याला उठवायचं कशाला?

यंदा वहिनींची जमीन झोपली होती आणि नेमकी यंदाच साहेबांची समिती पाहणीला येणार होती. जो पिढ्यान्‌पिढ्या कसतो, त्याच्या नावावर जंगलपट्टीतली जमीन करायची, असा कायदा झाला होता. कायदा चांगलाच होता. चांगल्या कायद्याची पंचाईत एवढीच, की तो राबवायला माणसं लागतात.

धाकटा दीर धापा टाकत आला. हा वस्तीचा पुढारी. कचेरीतल्या शिपायाशी ओळख, एवढ्या भांडवलावर त्याची पुढारकी चाले.

"वहिनी, झुडपं तोडा. साहेबांना शेत दिसलं पाहिजे."

"भावजी, अजून तिची झोप झाली नाही."

"तिची झोप होईस्तोवर तुमची उडेल!"

वहिनींना पटलं नाही, पण जमीन हातची जाईल अशी भीती वाटली. सुनेला घेऊन त्या कोयता चालवायला लागल्या. प्रत्येक घावाला जीव चरचरत होता. जन्मात पहिल्यांदा त्यांनी जमिनीला अर्ध्या झोपेतून उठवलं.

समिती आली. साहेब, साहेबांवर छत्री धरणारा आणि साहेबांच्या प्रत्येक वाक्याला मान डोलावणारे दोघे. ताजे बुंधे बघून साहेबांची कळी खुलली.

"ताजी तोड! जंगल साफ करून अतिक्रमण!"

"साहेब, हे शेतच आहे," वहिनी म्हणाल्या. "झोपलं होतं. तुम्ही येणार म्हणून उठवलं."

"म्हणजे आम्ही येणार म्हणून तोड केली? लिहून घ्या, कबुली दिली."

"आणि तोडलं नसतं तर?"

"तर जंगल आहे असं लिहिलं असतं," साहेब प्रेमानं म्हणाले. "आमच्याकडे भेदभाव नाही."

दीर त्या वेळी आभाळ न्याहाळण्यात अगदी गुंग झाला होता.

जमीन सरकारजमा झाली. पुढे कचेरीला शोध लागला, की उतारावरची माती थकली आहे. लगेच भूमी विश्रांती योजना निघाली. तारेचं कुंपण आलं, फलक आला, आणि शहरातून एक तज्ज्ञ आले. त्यांनी रंगीत चित्रं दाखवून वस्तीला समजावलं, की जमिनीला अधूनमधून काही वर्षं विश्रांती द्यावी. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. वहिनींनीही वाजवल्या; माणूस खोटं काहीच बोलत नव्हता.

कुंपणाला रखवालदार हवा होता. वहिनींनी विचारून पाहिलं, पण अतिक्रमण करणाऱ्याला ती जागा देत नाहीत म्हणे. ती दिराला मिळाली. खाकी सदरा मिळाला, शिट्टी मिळाली. सदरा दोन्ही खांद्यांवर सैल होता, पण तो ऐटीत वावरायला लागला.

एका सकाळी वहिनी कुंपणाजवळ आल्या. तारेतून हात घालून त्यांनी चिमूटभर माती उचलली आणि बोटांत चुरून पाहिली. माती सुधारत होती. वहिनींना बरं वाटलं, आणि बरं वाटल्याचाच भयंकर राग आला.

"वहिनी, हात बाहेर घ्या," दीर हळूच म्हणाला. "खाली साहेबांची गाडी उभी आहे."

"घेते. एवढंच सांगा भावजी, हिची विश्रांती संपली की पेरायचं कुणी?"

दिरानं खाली गाडीकडे पाहिलं, वहिनींच्या मातीनं भरलेल्या बोटांकडे पाहिलं. मग त्यानं मान फिरवली आणि जोरात शिट्टी वाजवली.