चिंचेच्या खोडावरचा उद्या

माझे वय विचारू नका, मित्रांनो. मी एक जुनी बुरशी आहे आणि माझा आज तुमच्या आजच्या एक दिवस पुढे चालत असे. उद्या पाऊस पडणार असेल, तर मी आज भिजे. उद्या ऊन तापणार असेल, तर माझ्या कडा आजच करपत. असे का, ते मलाही ठाऊक नाही.

तंजावूरच्या राजवाड्यामागे एका गल्लीत चिंचेचे मोठे झाड होते. त्याच्या खोडावर, जमिनीलगत, मी जन्मले. झाडाचा जो भाग मेलेला असे, तेवढाच मी खाई. पुढे मला तपकिरी छत्र्या फुटल्या, कानाच्या पाळ्यांसारख्या, एकीवर एक.

समोर वरलक्ष्मीअक्का राहत. कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवून त्या निवृत्त झाल्या होत्या. एकदा कडक उन्हात माझ्या छत्र्यांतून पाणी ठिबकताना त्यांनी पाहिले. दुसऱ्या दिवशी धो धो पाऊस झाला. तेव्हापासून पापड वाळत घालण्याआधी त्या माझ्यावर बोट फिरवून बघत. शेजारणी हसत. माझे कौतुक एवढेच, पण मला ते पुरे होते.

मग गल्लीत गटार खोदले. चिंचेची एका बाजूची मुळे तुटली. उरलेल्या मातीवर अगदी खोडापर्यंत सिमेंट ओतले. पाणी मुळांपर्यंत पोचेना. लाकूड आतून मरू लागले. माझे अन्न वाढले, पण ते मला गोड लागेना.

अक्कांचे धाकटे भाऊ अनिरुद्धराव शेजारीच राहत. त्यांच्या मुलीचा, वाणीचा, साखरपुडा ठरला. मांडव चिंचेच्या सावलीत घातला. आदल्या दिवशी सकाळी खुर्च्या उतरत असताना, कोणाचा हातही न लागता, माझ्या छत्र्या मधोमध चिरल्या. त्यानंतर मला काहीच लागेना. ऊन नाही, ओल नाही, वारा नाही. एरवी त्या वेळी मला दुसऱ्या दिवसाचे ऊन लागायचे. आता पुढे नुसता अंधार होता. मित्रांनो, मी घाबरले. मला तोंड नाही. ओरडणार कशी?

अक्का आल्या. त्यांनी चिरा पाहिल्या, खोडावर मूठ आपटली. आवाज पोकळ आला.

"अनिरुद्धा, मांडव काढ. उद्या झाड पडणार."

"कोण सांगितलं? ही अळंबी?" अनिरुद्धराव हसले, मग चिडले. "अय्यो अक्का, कुंभकोणाहून मुलाकडची माणसं येतात. त्यांना काय सांगू?"

"मी सांगितली म्हणून सांग."

"झाड हिरवंगार आहे. काही होत नाही."

दुसऱ्या दिवशी पाहुणे आले. अक्का खुर्ची घेऊन माझ्याजवळ बसल्या होत्या आणि कोणालाही मांडवात पाय ठेवू देत नव्हत्या. माणसे उन्हात उभी राहून कुजबुजू लागली. अनिरुद्धरावांचा चेहरा लाल झाला.

"अक्का, ऊठ! माझी अब्रू जाते."

तेवढ्यात रेशमी साडीतली वाणी बाहेर आली. तिने आत्याचा हात धरला.

"अप्पा, आत्या खोटं बोलत नाही. साखरपुडा घरात करा. नाही तर मीही इथेच बसते."

अनिरुद्धरावांनी शेवटी मान डोलावली. "सरी, सरी. सगळे आत चला," ते म्हणाले.

घर माणसांनी गच्च भरले. वाणीने आत्याला ओढतच नेले. मांडव रिकामा झाला, पण झाड उभेच होते. आतून कोणाचे तरी हसणे ऐकू आले. काल मी चिरले, ती वेळ जवळ येत होती, हे फक्त मला कळत होते. आणि त्याच वेळी अनिरुद्धराव मांडवात राहिलेली फळांची ताटे आणायला बाहेर निघाले.

माझ्या पोटात लाकूड करकरले.

"अनिरुद्धा, मागे फिर!" अक्का दारातून किंचाळल्या.

ते थबकले. एक पाऊल मागे घेतात न घेतात, तोच चिंच कडाडून मांडवावर कोसळली. कापड फाटले, खुर्च्यांचा चुरा झाला. धूळ खाली बसली, तेव्हा अनिरुद्धराव भिंतीला टेकून उभे होते. वाणी धावत जाऊन त्यांना बिलगली.

मी होते तिथेच खोड मोडले होते. मी चिरडले गेले. लाकडाच्या ढलप्या उडाल्या होत्या; त्यांतली एक अक्कांनी उचलली, ओल्या कापडात गुंडाळली आणि ओसरीवरच्या कुंडीत ठेवली. तिच्यात माझा एक धागा जिवंत होता. त्यातून मी पुन्हा वाढले. पण आता मला पुढचे काही लागत नाही. पाऊस पडतो तेव्हाच मी भिजते, तुमच्यासारखी.

गल्लीच्या टोकाला एक कडुनिंब अजून उभा आहे. साखरपुड्याच्या दुसऱ्या दिवशी अनिरुद्धराव स्वतः पहार घेऊन गेले आणि त्याच्या बुंध्याभोवतीचे सिमेंट फोडू लागले. घामाने सदरा भिजला, तरी थांबले नाहीत. अक्का घागरीने पाणी आणून उघड्या मातीत ओतत होत्या.

मित्रांनो, तुमच्या दारातल्या झाडालाही थोडी माती मोकळी ठेवा. त्याचे खोड अधूनमधून हाताने चाचपून पाहा. आदल्या दिवशी सांगायला आता मी नाही.