बाळूचा ळ

"अम्मा, इधर देखिए. मेरे होंठ देखिए. बा... लू."

"बालू नहीं, रुची जी," बाळू मधेच म्हणाला. "बाळू."

"बाड़ू?"

"ळू. ळू."

"वही तो. लू," रुची म्हणाली आणि आपण हुबेहूब म्हटलं अशा समाधानानं हसली.

रुची बोलणं शिकवायला घरी यायची. उन्हाळ्यात अक्काला लकवा मारला, तेव्हा उजवा हात आणि वाचा दोन्ही एकदमच गेली होती. हात आता थोडा हलू लागला होता. समजत तर सगळंच होतं. भाजीत मीठ कमी पडलं तर अक्का अजूनही अशी बघायची की बाळूची बायको शरदिनी मुकाट्यानं मिठाचं भांडं पुढे करायची. पण शब्द येत नव्हता. जे नाव जन्मभर सगळ्यात जास्त तोंडात असेल त्यापासून सुरू करू, असं रुचीनं ठरवलं, आणि ते नाव कुठलं याबद्दल काशीतल्या दूधविनायकच्या त्या गल्लीत कुणालाही शंका नव्हती.

आई गेली तेव्हा बाळू नुकता पाऊल टाकायला लागला होता. त्याला वाढवलं ते थोरल्या बहिणीनं, प्रभावतीअक्कानं. लग्नाचं कुणी काढलं की "आधी बाळूचं होऊ दे" म्हणायची, आणि बाळूचं होईपर्यंत तिला विचारणारं कुणी उरलंच नाही.

त्याच्या नावातला ळ मात्र काशीनं कधी घेतला नाही. शाळेत गुरुजींनी पहिल्याच दिवशी त्याचा 'बालू' केला, म्हणजे चक्क वाळू. अक्का तावातावानं शाळेत गेली. गुरुजींनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "समझ गए दीदी. चिंता मत कीजिए, बालू होशियार लड़का है." त्यात नशिबाची थट्टा अशी की नोकरी लागली ती विद्यापीठाच्या भूगर्भ विभागात, नमुन्यांची वाळू धुण्याची आणि चाळण्याची. "बालू, ज़रा बालू छान दो." या एका विनोदावर विभागातल्या लोकांनी पिढ्या काढल्या. बाळूही हसायचा. संध्याकाळी गल्लीत शिरलं की वरच्या खिडकीतून "बाळूऽ, आलास का?" अशी हाक यायची, आणि दिवसभराचं ते हसू त्याला परवडायचं.

बायको 'अहो' म्हणते, मुलगा 'बाबा'. नावानं हाक मारणारी एकटी अक्का उरली होती. तिच्या तोंडून बालू ऐकायचं, ही कल्पनाच बाळूला सोसवेना.

दाराशी निरोप घेताना रुची त्याला म्हणाली होती, "भैया, ज़ुबान अभी उतना नहीं मुड़ेगी. ल आसान है, पहले वही आने दीजिए. एक बार हिम्मत हार गईं तो कोशिश करना ही छोड़ देंगी."

बाळूनं मान डोलावली आणि करायचं तेच केलं. रोज सकाळी कामावर जाण्याआधी तो अक्कासमोर बसायचा. "जीभ वर वळव, अक्का. टाळूला लाव. तूच शिकवलंयस ना मला?" अक्का जीव तोडून प्रयत्न करायची. बा छान यायचा. पुढे जीभ कुठेतरी अडायची, ओठांच्या कडेनं लाळ गळायची, आणि ती पुसायला डावा हात घाईघाईनं वर जायचा. आयुष्यभर टापटिपीनं राहिलेल्या बाईला त्याची लाज वाटत होती, हे बाळूला दिसत होतं. तरी तो म्हणायचा, "आणखी एकदा."

मग एके सकाळी अक्कानं ओठ मिटून घेतले. बा सुद्धा नाही. रुची आली तर भिंतीकडे तोंड केलं. दुसऱ्या दिवशी तेच, तिसऱ्या दिवशीही तेच.

शरदिनीनं बाळूपुढे चहा ठेवला आणि ती तिथेच उभी राहिली.

"अहो, एक पूछू? रागावू नका हं. तुम्हाला अक्का बोलायला हव्यात, की तुमचं नाव हवंय?"

बाळू अर्धा चहा टाकून कामावर गेला.

त्या दिवशी विभागात नदीकाठी घेतलेल्या बोअरचे नमुने आले होते. जमिनीच्या पोटातून काढलेले मातीचे लांब दांडे मांडणीवर ओळीनं ठेवले, की बाळूनं पाणी मारून ते स्वच्छ करायचे आणि ओझा सरांनी बघायचं. वरून खाली काळसर चिकणमातीचे पातळ थर होते, वर्षावर्षाच्या शांत गाळाचे. मधेच एकाएकी भरड वाळूचा जाडजूड पट्टा आला. त्याला ना थर, ना रेघ. वाळूत जुन्या काठाची उपटलेली ढेकळं तशीच अडकलेली होती.

"ये देखो," ओझा सर हरखून गेले. "हज़ारों साल पुरानी बाढ़. बाकी मिट्टी को जमने में ज़माना लगा, और ये सब शायद दो-चार दिन में आ गया."

बाळू पाण्याची नळी हातात धरून बघत राहिला. "बाढ़ उतरी तो नदी अपने रास्ते लौट गई होगी, सर?"

"लौटती कैसे? रास्ता तो इसी बालू से भर गया. बगल से नया काट लिया. ये ऊँचा किनारा, ये मोड़, जिस पर हमारा-तुम्हारा घर है, सब ऐसी ही बाढ़ों का किया-धरा है." सर हसले. "नदी ज़िद नहीं करती, भाई. उसको तो बस बहना है."

बाळू पुढचा दांडा धुवायला लागला. डोळे भरून आले होते, पण हात ओले असल्यामुळे पुसता येईनात.

घरी तो जरा लवकरच आला. अक्का खाटेवर उशीला टेकून बसली होती. बाळूनं स्टूल जवळ ओढलं. त्याला बघताच तिनं ओठ घट्ट मिटले, पुन्हा तोच पाठ सुरू होणार म्हणून. ते बघून बाळूला स्वतःचीच शरम वाटली.

"नाही अक्का, आता परेशान नाही करणार," तो म्हणाला. "आज सरांनी एक खूप पुराना पूर दाखवला. असा आला, असा आला की नदीची वाटच बुजली. पण ती रुसून बसली नाही. बाजूनं गेली. आपण राहतो तो उंच काठ तिनंच रचलाय म्हणे." त्यानं स्टूल आणखी पुढे सरकवलं. "अक्का, ळ राहू दे. ल म्हण. बालू म्हण. मला चालेल."

अक्कानं मान हलवली. नाही. गुरुजींशी भांडून आलेली बाई ती. तिच्या डोळ्यांत चक्क राग होता.

"खरंच चालेल गं. तू बोल फक्त."

मग डाव्या हातानं तिनं त्याचा हात धरला. ओठ उघडले.

"बा..."

स्वयंपाकघरातली भांडी वाजायची थांबली.

"...लू."

आवाज घोगरा होता, पण शब्द पुरा होता. आणि तो ऐकल्याबरोबर अक्काचा चेहरा पडला. आपण चुकलो, हे तिला कळलं होतं. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच तिनं त्याचं नाव चुकीचं घेतलं होतं. ती घाईनं मान वळवू लागली.

बाळूनं तिचा हात सोडला नाही. लहानपणी गल्लीच्या टोकावरून द्यायचा तशी, घरभर ऐकू जाईल अशी त्यानं ओ दिली.

"ओ, अक्का! आलो."